एकही बिट वजा न करता!

सुपरग्रुप म्हटलं की मला आधी शंकाच येते. गाजलेले बँड फुटतात, उरलेली मंडळी एकत्र येतात आणि पोस्टरवरची नावं गाण्यांपेक्षा मोठी होतात. ऑडिओस्लेव्ह मात्र झक्कास अपवाद! २००० मध्ये झॅक दे ला रोचाने ‘रेज अगेन्स्ट द मशीन’ सोडलं. उरले टॉम मोरेलो, टिम कमरफोर्ड आणि ब्रॅड विल्क. त्यांना ‘साउंडगार्डन’चा ख्रिस कॉर्नेल मिळाला, निर्माता म्हणून रिक रुबिन आला आणि नोव्हेंबर २००२ मध्ये बँडच्याच नावाचा पहिला अल्बम निघाला. गंमत म्हणजे त्याचे कच्चे मिक्स काही महिने आधीच इंटरनेटवर फुटले होते, पेपर फुटावा तसे!

माझ्यापर्यंत तो पोचला दहा वर्षांनी, मामेभावाच्या पेनड्राइव्हमधून. १२८ केबीपीएसच्या एमपीथ्री आणि स्टेशनबाहेरचे स्वस्त इअरफोन. तरी वेड लागलं. मी कॉलेजात असताना, मे २०१७ मध्ये कॉर्नेल गेला. आता नवं काही येणार नव्हतं. म्हटलं, जे आहे ते तरी पूर्ण ऐकू. सीडी मिळवली आणि ‘फ्लॅक’ फाइल्स बनवल्या.

थोडा टेक्निकल फंडा. सीडीवर दर सेकंदाला १,४११ किलोबिट असतात. १२८ची एमपीथ्री त्यातला जेमतेम अकरावा हिस्सा ठेवते. ‘हे कानाला कळणार नाही’ असं सॉफ्टवेअरला वाटतं, ते टाकून देते. फ्लॅक काहीच टाकत नाही, फक्त कपडे घडी घालून बॅग भरावी तशी जागा वाचवते. फाइल साधारण निम्मी होते, पण वाजवताना एकूण एक बिट जागेवर!

फरक कळतो का? मित्राने डोळे मिटायला लावून परीक्षा घेतली. १२८ लगेच पकडली, झांजा पाण्यात बुडाल्यासारख्या वाटत होत्या. ३२०ला मात्र दहापैकी सहा बरोबर. म्हणजे छापा-काटाच! शिवाय त्या काळच्या बऱ्याच रॉक अल्बमसारखा हाही दणदणीत आवाजात मास्टर केलाय. जे चढउतार तिथेच दाबले गेले, ते लॉसलेस कुठून आणणार?

मग एवढा खटाटोप कशासाठी? ‘लाइक अ स्टोन’मध्ये मोरेलोचा सोलो संपतो, बँड मागे सरकतो आणि कॉर्नेल अगदी हळू गातो. तिथे सीडीवर जेवढा तो उरलाय, तेवढा सगळा माझ्याकडे आहे, हे मला माहीत असतं. माणूस गेल्यावर त्याच्या आवाजातलं काय ठेवायचं, हे फाइलच्या साइझने का ठरवावं?

ॲपल म्युझिकने २०२१ मध्ये जादा पैसे न घेता लॉसलेस दिलं, तेव्हा सीडीच हवी असंही नाही. फक्त वायरवाला हेडफोन शोधा, कारण नेहमीचं ब्लूटूथ वाटेत पुन्हा काटछाट करतं. ‘कोचीज’पासून सुरुवात करा; सुरुवातीला हेलिकॉप्टरसारखं जे घरघरतं, ती मोरेलोची गिटार आहे... तारांवर पेन्सिल आपटून वाजवलेली!

आणि हो, तासभर फोनकडे बघू नका.