शेतावरचें पछाडलेलें घर

एखादें घर पछाडलेलें आहे असें म्हणतांना भूत हा आगंतुक पाहुणा व घर हा बिचारा यजमान, असाच आपला समज असतो. आपल्याकडील मुंजा पिंपळावर राहतो. पण पिंपळास कोणी दुष्ट म्हणत नाहीं. भयकथेंतील घर मात्र पुष्कळदां स्वतःच वैरी असतें. इ. स. २०१३ मध्यें निघालेला जेम्स वान यांचा ‘द कॉन्ज्युरिंग’ हा बोलपट पाहतांना आम्हांस हें विशेष जाणवलें.

अमेरिकेंतील र्‍होड आयलंड संस्थानांत हॅरिसव्हिल गांवीं तें शेतघर खरोखरच आहे. १९७१ च्या जानेवारींत पांच मुलींचें एक कुटुंब तेथें राहावयास आलें. बोलपटांत त्यांची कुत्री उंबरठा ओलांडीत नाहीं. घड्याळें पहाटे ३ वाजून ७ मिनिटांनीं थांबतात. फळ्या ठोकून बंद केलेलें तळघर सांपडतें. डोळे बांधून टाळीच्या आवाजावरून एकमेकांस शोधण्याचा खेळ चालला असतां कपाटांतून दोन परकेच हात टाळी वाजवितात! रक्ताचा थेंबही न दाखवितां अंगावर कांटा उभा राहतो तो येथें. (अमेरिकेंत सतरा वर्षांखालील मुलांस पालकांवांचून हा बोलपट पाहूं देत नाहींत, हें पालकांनीं ध्यानीं घ्यावें.) बापाची सारी पुंजी घरांत गुंतल्यामुळें कुटुंबास निघूनही जातां येत नाहीं. आमच्या मतें भुताहून ही अडचणच अधिक भयंकर आहे.

या सर्वांचें खापर बाथशेबा शेर्मन नामक स्त्रीवर फोडलें आहे. तिनें म्हणे आपलें तान्हें मूल सैतानास बळी दिलें व गळफास घेतला! भयकथा आम्हांस प्रिय आहेत. परंतु ही बाई काल्पनिक नव्हे. ती १८१२ त जन्मली, वृद्ध होऊन १८८५ त वारली, आणि हॅरिसव्हिल येथेंच तिला पुरलें. तिनें चेटूक केल्याचा कांहींएक पुरावा नाहीं. जिला आतां उत्तर देतां येत नाहीं तिला हडळ ठरविणें आम्हांस रुचलें नाहीं.

खरें कुटुंब १९८० पर्यंत त्याच घरांत राहिलें. बोलपटाचें चित्रण तर तेथें झालेंच नाहीं. तें नॉर्थ कॅरोलिनांत झालें. तरीही तो गाजल्यावर लोक रात्रीबेरात्री त्या आवारांत शिरूं लागले. उपद्रवानें त्रासून तत्कालीन मालकांनीं २०१५ त निर्मात्यांवर फिर्याद केली. बाथशेबाच्या वतीनें फिर्याद करणारें कोणीच नव्हतें. तिच्या थडग्याचा दगड एकदां नव्हे, अनेकदां फोडण्यांत आला.