मामूंच्या फ्लॉप्या

मिडी फाइलमध्ये आवाज नसतो. कोणती पट्टी, किती जोरात, कधी दाबली, कधी सोडली, एवढीच नोंद. वाद्य आपण नंतर द्यायचं. म्हणून अख्खं गाणं काही केबीत मावतं.

सोलापुरात आमचे मामू लग्नात, उर्साला, गणपतीच्या मांडवात कीबोर्ड वाजवायचे. त्यांच्या वाजवण्याची एकही कॅसेट घरात नाही. ट्रंकेत नऊ फ्लॉप्या निघाल्या, त्यांतल्या सहा उघडल्या.

एका फाइलमध्ये ट्रॅकची लिहिलेली लांबी आतल्या मजकुराशी जुळेना. हेक्स एडिटरमध्ये आकडा बदलला, ट्रॅक संपल्याची खूण जोडली, झालं. दुसरीत पट्टी सोडल्याची नोंद गहाळ. तो सूर गाणं संपेपर्यंत भोंग्यासारखा चालूच.

मींडीने मात्र दमवलं. कीबोर्डच्या बाजूचं चाक सूर किती ओढेल ते ठरवता येतं. फाइलमध्ये तसं लिहिलेलं नसेल तर सॉफ्टवेअर सहसा दोन अर्धस्वर धरतं. मामूंनी बारा ठेवले होते, पण ते कीबोर्डातच राहिलं. त्यामुळे त्यांची लांब मींड सहाव्या हिश्शावरच अडखळायची. गाणी ओळखीची, म्हणून कुठे पोचायचं होतं ते कळलं. फाइलच्या सुरुवातीला, त्याच चॅनलवर, कंट्रोलर १०१ आणि १०० ला शून्य, ६ ला बारा दिले आणि मींड जागेवर आली.

१९९१ च्या जनरल मिडीतल्या १२८ आवाजांत सतार आहे, शहनाई आहे. तालवाद्यांत तबला नाही, ढोलकीही नाही. मामूंनी तबला दोन बोंगोंवर भागवला, ६० आणि ६१ क्रमांकांवर. तिथे आता खऱ्या तबल्याचे आवाज बसवता येतात. पण 'धा' कुठला, 'ना' कुठला, हे फाइल सांगत नाही. कव्वालीचा ठेका कानात असलेल्यानेच ते ठरवावं.

हे काम मी आणि मामूंचा नातू मिळून करतोय. त्याला यावर नवा ट्रॅक करायचाय. तो म्हणाला, "चाचा, सगळं ग्रिडवर आणू? एका क्लिकचं काम आहे." मी नको म्हटलं. मामूंचा डावा हात ठेक्याच्या किंचित मागे राहायचा, मुद्दाम. लटकलेला सूर हा फाइलचा बिघाड. हा उशीर मामूंचा. तो म्हणतो, आजच्या कानाला कच्चं वाटेल. वाटू दे. शेवटी असं ठरलं, की त्याचे ड्रम ग्रिडवर, मामूंचे हात होते तिथेच.

तुमच्या घरी अशा फ्लॉप्या असतील तर कोपऱ्यातली छोटी खिडकी आधी उघडी करा, म्हणजे त्यावर काही लिहिलं जाणार नाही. मगच ड्राइव्हमध्ये घाला. आणि कॉम्प्युटरने 'फॉरमॅट करू का?' विचारलं, तर नाही म्हणा.