मुकी माणसं

यंदाच्या वर्षावासात एका रविवारी आम्ही विहारात मुलांना 'अंकुर' दाखवला. जमीनदाराचा मुलगा मुक्या किष्टय्याला बेदम मारतो आणि शेवटी एक लहानगा त्याच्या खिडकीवर दगड भिरकावतो. सारे विहार गप्प झाले.

१९७४ चा हा चित्रपट श्याम बेनेगल यांचा. कॅमेरा गोविंद निहलानींचा. जन्म १९४० चा, कराचीचा. फाळणीत घर सुटले. व्ही. के. मूर्तींच्या हाताखाली ते तयार झाले. 'निशांत', 'मंथन', १८५७ च्या उठावावरचा 'जुनून' यांचे चित्रण त्यांचेच. १९८० साली 'आक्रोश' दिग्दर्शित केला, तेव्हा कॅमेराही स्वतःच सांभाळला. त्यातला आदिवासी लहान्या भिकू बायकोच्या खुनाच्या खोट्या आरोपात अडकतो, पण वकिलापुढेही तोंड उघडत नाही. त्याचे डोळेच बोलतात.

हे सांगत असताना दहावीतल्या एका मुलीने विचारले, "काका, आपल्यासारखी माणसं सिनेमात मुकीच का?"

आम्ही पडलो कारकून. हिशेब जुळवता येतो, पण याचे उत्तर चटकन सापडेना. निहलानींनी आमच्या दुःखाकडे आदराने पाहिले, हे ऋण आहेच. पण बाबासाहेबांनी १९२० साली 'मूकनायक' काढला, तो मुक्यांना वाचा फुटावी म्हणून. २०१३ साली नागराज मंजुळे यांच्या 'फँड्री'तल्या जब्याने दगड थेट प्रेक्षकांच्या दिशेने भिरकावला. आपला माणूस कॅमेऱ्यामागे उभा राहिला की काय होते, ते तेव्हा कळले.

बंधू-भगिनींनो, उद्या आपली लेक कॅमेरा शिकते म्हणाली तर हसू नका. तिला शिकू द्या.

जयभीम!