जायफळाच्या बेटावरची शर्यत

पोर्ट ऑफ स्पेन, ब्रिजटाऊन, किंग्स्टन ही नावे ज्यांच्या घरी रेडिओ होता त्यांना नवी नाहीत. १९७१ साली अजित वाडेकरांचा संघ तिकडे गेला आणि सुनील गावसकरांनी आपल्या पहिल्याच मालिकेत ७७४ धावा काढल्या. तेव्हापासून वेस्ट इंडीज हा एक देश आहे असा पुष्कळांचा समज झाला. वास्तविक ती कॅरिबियन समुद्रात विखुरलेली बेटे आहेत, आणि त्यांतली बरीचशी आज स्वतंत्र राष्ट्रे आहेत. क्रिकेटपुरती ती एक होतात. पण धावायचे, उडी मारायची, भाला फेकायचा म्हटले की प्रत्येक बेट आपापला झेंडा घेऊन वेगळे उभे राहते.

या बेटांवरच्या मुलामुलींची एक जत्राच दरवर्षी ईस्टरच्या सुट्टीत भरते. आपल्याकडे गव्हाची मळणी आटोपत येते, त्या सुमारास. तिचे नाव कॅरिफ्टा स्पर्धा. नाव व्यापाराचे आहे. या देशांनी आपसांतल्या व्यापारासाठी केलेल्या संघटनेचे ते आद्याक्षरांतले नाव. बार्बाडोसचे ऑस्टिन सीली यांच्या मनात आले की, माल इकडून तिकडे जातो, तर पोरांनीही एकमेकांकडे जावे. १९७२ साली बार्बाडोसमध्येच पहिली स्पर्धा झाली. आज १७ वर्षांखालील आणि २० वर्षांखालील असे तिचे दोन गट असतात. पुढे व्यापारसंघटनेचे नाव बदलले, पण पोरांच्या स्पर्धेला जुनेच नाव चिकटून राहिले.

जमैकाचा युसेन बोल्ट याच मैदानांवरून वर आला. २००१ साली ब्रिजटाऊनला तो चौदा वर्षांचा होता आणि २०० व ४०० मीटर या दोन्ही शर्यतींत दुसरा आला होता. तीनच वर्षांनी बर्म्युडात त्याने २०० मीटर १९.९३ सेकंदांत काढले. वीस वर्षांखालच्या कोणालाही तोवर वीस सेकंदांच्या आत येता आले नव्हते. पण जमैका म्हणजे अठ्ठावीस लाखांचे बेट, त्या मानाने तो तिथला मोठा भाऊ. मला सांगायचे आहे ते धाकट्याबद्दल.

ग्रेनाडा हा सारा देश ३४४ चौरस किलोमीटरांचा. वस्ती सव्वा लाखाच्या आत. आपला एखादा तालुकासुद्धा याहून मोठा भरेल. डोंगर, पाऊस, आणि उतारावर जायफळाची झाडे. देशाच्या झेंड्यावरही जायफळच काढलेले आहे! एके काळी जगात इंडोनेशियाच्या खालोखाल जायफळ पिकवणारा देश म्हणून याचे नाव होते. मग सप्टेंबर २००४ मध्ये इव्हान वादळ आले. दहांतल्या नऊ घरांना मार बसला आणि जायफळाची बहुतेक झाडे मुळासकट आडवी झाली. बियांपासून लावलेले जायफळ धरायला सात-आठ वर्षे घेते, आणि फूल येईपर्यंत झाड नर की मादी तेही कळत नाही. कोकणातल्या बागायतदारांना हे सांगायला नको. एका रात्रीत गेलेली बाग उभी करायची तर लहान मूल हाताशी येण्याइतका काळ जातो.

त्या वादळाच्या वेळी गुआव्ह गावातला किरानी जेम्स हा मुलगा नुकताच बारा वर्षांचा झाला होता. हे कोळ्यांचे गाव, जायफळ निवडून पोत्यांत भरण्याचे मोठे केंद्रही तिथेच. किरानी कॅरिफ्टात धावला, जिंकला, आणि शिष्यवृत्तीवर अमेरिकेतल्या अलाबामा विद्यापीठात गेला. २०१२ साली लंडनच्या ऑलिंपिकमध्ये ४०० मीटरची शर्यत त्याने ४३.९४ सेकंदांत जिंकली. अमेरिकेबाहेरचा कोणी ४४ सेकंदांच्या आत धावल्याची ती पहिली वेळ. ग्रेनाडाचे ते पहिलेच ऑलिंपिक पदक. वादळानंतर लावलेली जायफळे तेव्हा कुठे धरण्याच्या वयाला येत होती.

या स्पर्धांना अमेरिकी कॉलेजांचे प्रशिक्षक नवी मुले हेरायला येतात. मुलगा निवडला गेला की शिक्षणाचा खर्च सुटतो, आणि घर मात्र रिकामे होते. पुण्या-मुंबईला पोर धाडणाऱ्या आपल्या आईबापांना हा पेच ठाऊक आहे. त्यातही पदक मिळवणारे थोडेच, बाकीची पोरे सोमवारी संध्याकाळी बॅग उचलून आपल्या बेटावर परततात. मला वाटते, स्पर्धेचा खरा जीव त्या बाकीच्यांतच आहे. शेजारचे बेट पाहायला मिळणे हीसुद्धा त्या वयात लहान गोष्ट नव्हे.

ग्रेनाडाची राजधानी सेंट जॉर्जेस. तिथल्या मैदानाला आता किरानीचेच नाव आहे. २०१६ साली कॅरिफ्टा तिथे भरली, तेव्हा अँडरसन पीटर्स या घरच्याच पोराने भालाफेकीत सोने घेतले. हे नाव ओळखीचे वाटत असेल. २०२२ च्या जागतिक स्पर्धेत आपल्या नीरज चोप्राला दुसऱ्या क्रमांकावर ठेवणारा तो हाच. त्याने ९०.५४ मीटर फेक केली, नीरजने ८८.१३. त्या दिवशी आपण हळहळलो, पण एवढ्याशा बेटाचा मुलगा आहे हे कळल्यावर निदान मला तरी राग धरवला नाही.

२०२४ च्या ईस्टरला पोरे पुन्हा त्याच मैदानावर जमली. नंतर १ जुलैला बेरिल वादळाने ग्रेनाडाचे धाकटे बेट कॅरियाकू झोडपून काढले. तिथल्या बहुतेक घरांची छपरे उडाली. ऑगस्टमध्ये पॅरिसला ऑलिंपिक होते. आधी लिंडन व्हिक्टरने डेकॅथलॉन म्हणजे दहा खेळांच्या स्पर्धेत ग्रेनाडासाठी कांस्यपदक घेतले, आणि पाच दिवसांनी भालाफेकीचा निकाल लागला. पाकिस्तानचा अर्शद नदीम पहिला, नीरज दुसरा, आणि त्याच्या शेजारी तिसऱ्या पायरीवर जायफळाचा झेंडा घेतलेला पीटर्स.