चार मिनिटांचा मणी



फेब्रुवारीत आठवीच्या वर्गाला 'मला जादूचा मणी मिळाला तर' हा निबंध दिला होता. मराठीच्या बाई रजेवर होत्या, म्हणून वह्या तपासायचे काम आमच्याकडे आले. अशा विषयावर मुले काय लिहिणार हे ठरलेलेच असते. कुणी परीक्षा गायब करतो, कुणी आजोबांना परत आणतो, कुणी कार्टूनमधला काळ थांबवणारा निळा स्फटिक मिळवून क्रिकेटची मॅच जिंकतो. एका मुलाने मात्र काळ फक्त चार मिनिटे थांबवला होता, तोही रोज सकाळी शाळेच्या फाटकापाशी. "माझे घड्याळ बरोबर असते, पण शाळेचे घड्याळ जास्त बरोबर असते," असे त्याने लिहिले होते.

हा मुलगा उप्पलहून सिटी बसने येतो. आपले फाटक ८ वाजून १० मिनिटांनी बंद होते. त्यानंतर येणाऱ्याचे नाव वेळेसह 'लेट'च्या वहीत जाते आणि अशा तीन नोंदी झाल्या की अर्ध्या दिवसाची गैरहजेरी लागते. त्याच्या सात नोंदी झाल्या होत्या. वर्षभर एकही दिवस न चुकवता उपस्थितीचे बक्षीस हातचे गेले होते. जानेवारीत तो आमच्याकडे मनगट पुढे करून आला होता. तेव्हा आम्ही त्याला म्हणालो, "शाळेत शाळेचे घड्याळ चालते." हे वाक्य तेव्हा आम्हांला फार आवडले होते.

निबंध वाचल्यावर ऑफिसातल्या घड्याळाशेजारी मोबाईल धरून पाहिला. घड्याळ चार मिनिटे पुढे होते. दीड वर्षापूर्वी सेल बदलताना लावले, त्यानंतर त्याला कुणी हात लावला नव्हता.

घड्याळ पुढे कसे जाते, हे शिपाईमामांना सांगताना आमची थोडी फजिती झाली. आमचे पदवीपर्यंतचे शिक्षण हिंदी माध्यमात झाले. आम्ही 'स्फटिक', 'क्वार्ट्झ' असे म्हणत राहिलो. मामा मूळचे नांदेडकडचे. ते म्हणाले, "म्हणजे आमची गारगोटीच की, सर!" खरेच, गारगोटीच. लहानपणी अंधारात दोन गारगोट्या घासून ते उजेड पाडत. आपल्या घड्याळात असते ती प्रयोगशाळेत वाढवलेली स्वच्छ गारगोटी, चिमट्याच्या आकारात कापलेली आणि तांदळाच्या दाण्याहून बारीक. दाबल्यावर या खड्यात वीज निर्माण होते हे क्यूरी बंधूंनी १८८० साली दाखवले. उलट, वीज दिली की तो थरथरतो. घड्याळातला खडा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरेल असा कापतात. ही संख्या पंधरा वेळा निम्मी करा, उत्तर १ येते. तोच आपला सेकंद. (सातवीच्या मुलांनी फळ्यावर करून पाहावे, आम्ही केले.)

कापण्यात केसाएवढा फरक पडला तरी साध्या घड्याळात महिन्याला पंधरा-वीस सेकंदांची चूक साचते. दीड वर्षात तेवढ्यानेच चार मिनिटे होतात. शिवाय हा खडा साधारण २५ अंशांना सर्वांत नेमका चालतो. आपल्या मे महिन्यात चाळीस अंशांना तो दिवसाला अर्ध्या सेकंदाहून थोडा अधिक मागे पडतो. सालारजंग म्युझियमच्या ज्या घड्याळापुढे आपण सहलीत बाराच्या ठोक्यासाठी गर्दी करतो, त्यात मात्र गारगोटी नाही. तिथे सारा कारभार चाके आणि स्प्रिंगांचा.

त्या मुलाला बोलावून चूक मान्य केली. तो फारसा खूष झाला नाही. त्याला मण्याचेच कुतूहल जास्त. "सर, काळाचा स्फटिक खरंच असतो ना?" नाव तरी आहे, असे आम्ही सांगितले. फ्रँक विल्चेक या शास्त्रज्ञांनी २०१२ साली 'टाइम क्रिस्टल'ची कल्पना मांडली. साध्या स्फटिकात अणूंची नक्षी जागेत पुन्हा पुन्हा येते, इथे ती काळात येते. २०१७ साली अमेरिकेत दोन गटांनी असे काही प्रत्यक्ष करून दाखवले. हार्वर्डच्या गटाने त्यासाठी हिरा वापरला. त्याला ठरावीक तालात धक्के दिले, तर तो दर दुसऱ्या धक्क्याला पूर्वस्थितीत येई, आणि धक्के थोडे चुकले तरी आपला ताल सोडत नसे. काळ मात्र त्याने थांबत नाही, मागेही जात नाही.

हिरा म्हटल्यावर मुलाने लगेच गोवळकोंडा काढला. हैदराबादचेच पोर ते! पण गोवळकोंड्याचे नामांकित हिरे इथे कामाचे नाहीत. त्यांत नायट्रोजन जवळजवळ नसतो, म्हणून तर ते पाण्यासारखे स्वच्छ दिसतात. हार्वर्डच्या हिऱ्यात नायट्रोजनचे दोष इतके भरलेले होते की तो काळा दिसे, आणि तालाचे काम ते दोषच करत होते. हे ऐकून तो पहिल्यांदा हसला.

मग त्याने मुद्द्याचा प्रश्न विचारला, "सर, माझ्या लेटचं काय?"

वर्गशिक्षकांना घेऊन 'लेट'ची वही काढली. घड्याळ हळूहळू पुढे गेले असणार, म्हणजे जूनमध्ये फरक कमी होता. पण कोणत्या दिवशी किती, हे आता कळायचे नाही. म्हणून सर्व वर्गांतल्या सर्व मुलांना सरसकट चार मिनिटांची सूट दिली. लाल शाईच्या बऱ्याच नोंदी खोडल्या आणि प्रत्येकीपुढे आम्ही सही केली. पालकांनी प्रगतिपुस्तकातली हजेरी पुन्हा पाहावी. आता दर सोमवारी शिपाईमामा मोबाईल पाहून घड्याळ लावतात.

त्या मुलाच्या सातपैकी पाच नोंदी गेल्या. दोन राहिल्या, त्यांनी गैरहजेरी लागत नाही, तेव्हा बक्षीस त्याला मिळाले. त्या दोन दिवशी तो चार मिनिटे वजा करूनही नऊ मिनिटे उशिरा होता. हे त्यालाही मान्य आहे. बस बंद पडली होती, म्हणाला.