एका छपराखाली दोन चुली

“मामा, बरोबर पाच वाजता स्टेशनच्या मोठ्या दालनात, जिन्याच्या पायथ्याशी उभे राहा. मी मामीला घेऊन तिथेच येतो,” असे भाच्याने सकाळी बजावले होते. गाव लाइप्झिग, गाडी ड्रेस्डेनची, आणि वेळेच्या बाबतीत मी पडलो मास्तर माणूस! पाचाला दहा मिनिटे कमी असतानाच मी जिन्याशी हजर झालो. सव्वापाच झाले, साडेपाच झाले. मंडळींचा पत्ता नाही. खिशातल्या फोनने दुपारीच मान टाकलेली. परका मुलूख, गाठीशी जर्मन भाषेतले चार शब्द, आणि तिकिटे भाच्याच्या खिशात! खोटे कशाला सांगू, छातीत धडधडू लागले.

शेवटी निळे जाकीट घातलेल्या एका वयस्क बाईंना माझी चर्या दिसली असावी. जवळ येऊन त्यांनी मोडक्या इंग्रजीत विचारले, “दुसऱ्या दालनात पाहिलेत का?”

दुसरे दालन? त्या मला जिना चढून वर घेऊन गेल्या. फलाटांच्या तोंडाशी असलेल्या लांबलचक, उंच छताच्या मोकळ्या जागेतून आम्ही बराच वेळ चाललो, पुन्हा एक जिना उतरू लागलो, आणि मी डोळे चोळले. तेच दालन! तसाच रुंद जिना, तसेच उंच छत! आणि पायथ्याशी आमच्या सौभाग्यवती, हातात पिशव्या, डोळ्यांत पाणी. “अहो, होतात कुठे?” यापलीकडे त्यांना बोलवेना. गाडी अर्थातच निघून गेली होती.

पुढच्या गाडीला अवकाश होता. त्या बाई ‘बानहोफ्समिसिओन’च्या स्वयंसेविका निघाल्या. स्टेशनावर अडल्यानडल्याला मदत करणारी ही संस्था १८९४ साली बर्लिनमध्ये सुरू झाली, ती खेड्यातून नोकरीसाठी येणाऱ्या मुली भलत्यांच्या हाती पडू नयेत म्हणून. आज म्हाताऱ्यांना गाडी बदलायला हात देणे, भुकेल्याला घोटभर चहा आणि पाव देणे, हे तिचे काम. पूर्व जर्मनीच्या राजवटीने १९५६ साली ती बंद पाडली होती. देश एक झाल्यावर ती पुन्हा उभी राहिली.

“पण एकाच स्टेशनाला दोन सारखी दालने कशाला?” मी विचारले. बाई हसल्या, आणि भाच्याच्या दुभाषेपणाने आमचा इतिहासाचा तास सुरू झाला.

लाइप्झिग हे सॅक्सनीच्या राज्यातले व्यापारी शहर. १८१३ साली याच गावाबाहेर नेपोलियनचा पराभव झाला. सॅक्सनीचा राजा नेपोलियनच्या बाजूने. त्यामुळे १८१५ च्या तहात त्याचा बराच मुलूख प्रशियाने घशात घातला, आणि सरहद्द लाइप्झिगच्या उंबऱ्याशी येऊन ठेपली. १८३९ साली इथून ड्रेस्डेनपर्यंत जर्मनीतला पहिला लांब पल्ल्याचा लोहमार्ग सुरू झाला. मागोमाग इतर मार्ग आले, आणि गावाच्या उत्तरेला तीन निरनिराळी स्टेशने शेजारीशेजारी उभी राहिली. १८७१ साली जर्मनी एक झाली खरी, पण रेल्वे ज्या त्या राज्याचीच राहिली.

पुढे सर्वांसाठी एकच स्टेशन बांधायचे ठरले तेव्हा प्रशिया आणि सॅक्सनी दोघेही भागीदार! लोसोव्ह आणि क्यूने या वास्तुशिल्पकारांनी तोड काढली ती एकत्र कुटुंबातल्या भावांना शोभेल अशी: छप्पर एक, चुली दोन. पश्चिमेचे दालन प्रशियाचे, पूर्वेचे सॅक्सनीचे. सव्वीस फलाटांपैकी तेरा यांचे, तेरा त्यांचे. दर्शनी भिंत २९८ मीटर लांब. १९०९ साली पायाचा दगड बसला आणि ४ डिसेंबर १९१५ ला, महायुद्ध चालू असताना, काम पुरे झाले. पुढे दोन्ही राज्यांच्या रेल्वे एक झाल्या, तरी या घरातला दुहेरी कारभार १९३४ साली संपला!

दुसऱ्या महायुद्धाने मात्र वाटण्या पाहिल्या नाहीत. ७ जुलै १९४४ च्या अमेरिकन बाँबवर्षावात पश्चिमेच्या दालनाची धूळधाण झाली. आम्ही जिच्याखालून चालत आलो, ती छतही कोसळली. माणसे किती तरी गेली. पूर्व जर्मनीने हे सारे पुन्हा बांधले, ते पुरे व्हायला १९६५ साल उजाडले.

“आणि एकोणनव्वद साली?” भाच्याने विचारले. बाई क्षणभर गप्प झाल्या. ९ ऑक्टोबर १९८९, सोमवारची संध्याकाळ. सत्तर हजार माणसे राजवटीविरुद्ध रस्त्यावर उतरली आणि याच स्टेशनावरून पुढे गेली. गोळीबार होणार अशी गावभर धास्ती होती. तो झाला नाही. महिन्याने बर्लिनची भिंत कोसळली. “मी होते त्यात,” बाई म्हणाल्या. “हातातली मेणबत्ती विझू नये म्हणून दुसऱ्या हाताचा आडोसा धरला होता. त्यामुळे हात कापत होता ते कुणाला दिसले नाही.”

चहा निवून गेला होता. कोणीच प्यायले नव्हते.

आज स्टेशनाच्या पोटात दोन मजले खोदून बाजारपेठ वसवली आहे. ती १९९७ साली उघडली. २०१३ पासून जमिनीखालून लोकल गाड्याही धावतात. चोविसाव्या फलाटावर जुनी इंजिने मांडून ठेवली आहेत.

निघताना सौ. म्हणाल्या, “आपल्या दादरला नाही का, सेंट्रल की वेस्टर्न हे आधी विचारावे लागत? तसेच हे!” खरेच होते. दोन कंपन्यांच्या वाटण्यांचा वारसा तिथेही आपण पिढ्यान्‌पिढ्या पायी तुडवला आहे. एवढ्या इतिहासानंतर ही साधी गोष्ट मला सुचू नये!

बाईंनी आम्हांला डब्यापर्यंत पोचवले. गाडी हलली. त्या फलाटावर उभ्या राहून हात हलवीत होत्या. सौ.नी खिडकीतून हात हलवला. दुसऱ्या हाताने मात्र माझी बाही घट्ट धरून ठेवली होती. ती त्यांनी ड्रेस्डेन येईपर्यंत सोडली नाही.