शेणाचा दगड

तीन वर्षांपूर्वी माझं वाचन सुटलं. म्हणजे मी सोडलं नाही, डोळ्यांनी सोडायला लावलं. मोतीबिंदूची दोन्ही ऑपरेशनं आधीच झाली होती, त्यामुळे आता डोळ्यांचं काही उरलं नाही अशा समजुतीत मी होते. पण डोळ्याच्या पडद्याचा मधला भाग वयोमानाने झिजत गेला. समोर बसलेल्या माणसाचे कान दिसतात, त्याच्या मागची खिडकी दिसते, चेहऱ्याच्या जागी मात्र धुकं. पुस्तकाचंही तेच. पानाचा समास स्वच्छ दिसतो आणि ज्या शब्दावर नजर ठेवावी तोच नेमका पुसला जातो.

पस्तीस वर्षं मराठी आणि इतिहास शिकवलेल्या बाईला हे किती जड गेलं असेल ते मी सांगत बसत नाही. काही दिवस मी घरात सगळ्यांवर चिडचिड केली, एवढं कबूल करते. शेवटी अकरावीतल्या नातवाने माझ्या कानात ती इवलीशी बटणं घातली आणि म्हणाला, "आजी, आता कानाने वाच."

सुरुवातीला त्याने मराठी कादंबऱ्या लावून दिल्या. त्या बहुतेक वाचलेल्या होत्या आणि वाचणाऱ्याचा आवाज माझ्या मनातल्या आवाजाशी जुळेना. मग एके दुपारी माझं बोट कुठेतरी चुकीच्या जागी लागलं आणि कानात एक इंग्रजी पुस्तक सुरू झालं. ते नातवाने स्वतःसाठी घेतलेलं होतं. स्टीव्ह ब्रुसाटी या जीवाश्मतज्ज्ञाचं, २०१८ सालचं 'द राइज अँड फॉल ऑफ द डायनासोर्स'. बंद कसं करायचं ते कळेना, घरात कोणी नव्हतं, म्हणून ऐकत बसले.

माझं बी.ए. मराठी माध्यमातलं. इंग्रजीचा पेपर सक्तीचा होता म्हणून दिला, पास झाले आणि विसरले. त्यामुळे पहिल्यांदा ऐकताना चार आणे समजलं. नातवाला सांगून वेग कमी करून घेतला आणि पुन्हा ऐकलं, तेव्हा आठ आणे समजलं. तिसऱ्यांदा बारा आणे. गंमत म्हणजे ती लांबलचक नावं मला मुळीच जड गेली नाहीत. स्पेलिंग समोर असतं तर घाबरले असते. पण टिरॅनोसॉरस, स्टेगोसॉरस ही नावं कानावरून आली आणि लहानपणी औटकी-पावणेदोनकीचे पाढे बसले तशी तोंडात बसली.

डायनासोर म्हणजे काय, याबद्दल माझं ज्ञान तोवर यथातथाच होतं. अवाढव्य, मठ्ठ, थंड रक्ताची जनावरं. बदलत्या काळाशी जुळवून घेता आलं नाही म्हणून संपली. आमच्या शाळेत एका तरुण शिक्षकाने आम्हा जुन्या मंडळींना गमतीने 'डायनासोर' म्हटलं होतं आणि मला राग आला होता. आता कोणी म्हटलं तर आभार मानीन! हे प्राणी साधारण २३ कोटी वर्षांपूर्वी अवतरले आणि ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीपर्यंत टिकले. ते संपले ते मठ्ठपणामुळे नव्हे. आजच्या मेक्सिकोच्या युकातान भागात सुमारे दहा किलोमीटर रुंदीचा एक लघुग्रह येऊन आदळला. त्याच सुमारास आपल्याकडे ज्वालामुखीच्या लाव्ह्याचे थरांवर थर पसरत होते, ज्यांतून पुढे सह्याद्रीचा काळा कातळ घडला. आणि तरीही ते पुरते संपले नाहीतच. त्यांची एक शाखा उरली, ती म्हणजे पक्षी. टिरॅनोसॉरसच्या छातीतही कोंबडीच्या छातीत असतं तसं दुबेळक्याच्या आकाराचं हाड होतं. हे ऐकल्यापासून अंगणात येणाऱ्या साळुंक्यांचा आवाज मी जरा आदराने ऐकते.

हे कोटींचे आकडे डोक्यात मावेनात, तेव्हा मी माझी जुनी युक्ती वापरली. वर्गात फळ्यावर कालरेषा काढायचे, तशी मनातल्या मनात काढली. शंभर वर्षांना एक सेंटिमीटर. शिवराज्याभिषेक १६७४ चा, म्हणजे साडेतीन सेंटिमीटर मागे. गौतम बुद्ध पंचवीस सेंटिमीटर. एवढा इतिहास एका वहीच्या पानावर मावतो. शेवटचा टिरॅनोसॉरस मात्र साडेसहा किलोमीटरच्याही पुढे! आयुष्यभर मी मुलांना ते वहीचं पान शिकवलं आणि त्यालाच इतिहास म्हणत राहिले.

असो. खरी गोष्ट पुढेच आहे.

पुस्तक संपल्यावर मला नादच लागला. नातू शोधून देई आणि मी ऐके. एक दिवस भारतातल्या डायनासोरांवरचा एक इंग्रजी कार्यक्रम लागला. त्यात पहिल्यांदा भेटला कॅप्टन स्लीमन. हो, तोच, ठगांचा बंदोबस्त करणारा. त्याचा धडा मी कितीदा शिकवला असेन! १८२८ साली या स्लीमनला जबलपुरात काही दगड झालेली हाडं सापडली. 'डायनासोर' हा शब्दच तेव्हा नव्हता. तो रिचर्ड ओवेन यांनी १८४२ मध्ये तयार केला. म्हणजे हाती काय लागलंय हे स्लीमनला कळणं शक्यच नव्हतं. पण हे काहीतरी आहे, जपून ठेवावं, एवढं त्याला कळलं. १८७७ मध्ये लायडेकर यांनी त्या जातीच्या प्राण्याला नाव दिलं, टायटॅनोसॉरस इंडिकस.

मग बोलणारी व्यक्ती म्हणाली, 'पिस्डूऽरा'. मी कान टवकारले. मागे नेऊन पुन्हा ऐकलं, आणखी एकदा ऐकलं. पिसदुरा! चंद्रपूर जिल्ह्यातलं, आमच्या वरोऱ्याकडचं पिसदुरा!

नागपूरच्या ज्या कॉलेजवरून आम्ही रोज जायचो, ते ज्यांच्या नावाचं आहे त्या स्टीफन हिस्लॉप यांनी एकोणिसाव्या शतकातच या भागातले जीवाश्म गोळा केले होते, हे मला त्या दिवशी कळलं. पिसदुऱ्याच्या शिवारात हाडांबरोबर डायनासोरांची दगड झालेली विष्ठाही सापडते. शास्त्रज्ञ तिला विष्ठाश्म म्हणतात. २००५ साली वंदना प्रसाद, अशोक साहनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या विष्ठाश्मांत काय सापडलं ते 'सायन्स' या नियतकालिकात प्रसिद्ध केलं. गवताच्या पेशींत काचेसारखे सूक्ष्म कण तयार होतात. गवत कुजलं तरी ते कण राहतात. तसे कण त्यांना मिळाले. डायनासोरांच्या काळात गवत नव्हतंच, असं तोवर बहुतेकजण धरून चालत. आमच्याकडच्या शेणाने ते खोटं ठरवलं. पुढे २०११ मध्ये त्यातले काही कण भाताच्या कुळातल्या गवताचे असल्याचंही दाखवलं गेलं. आमच्याच जिल्ह्याच्या पूर्वेला, मूल-नागभीडकडे आजही धान पिकतं!

कोणालाही आनंद व्हावा अशीच ही गोष्ट. मी मात्र कानातली बटणं काढून तशीच बसून राहिले. सूनबाईने विचारलंही, "आई, बरं वाटत नाही का?"

मला १९८५ सालचा एक वर्ग आठवला होता.

सातवीचा वर्ग, पावसाळ्याचे दिवस. पिसदुऱ्याच्या बाजूने चिखल तुडवत येणारा एक मुलगा होता. अभ्यासात बेताचा, बोलायला भीड नसलेला. एक दिवस त्याने दप्तरातून मुठीएवढा तपकिरी गोटा काढला आणि माझ्या टेबलावर ठेवला. म्हणाला, "बाई, हे आमच्या वावरात निंगते. वखर मारला का वर येते. आबाजी म्हणते का हा गोटा नोहे, शेन होय. शेनाचा गोटा झाला."

वर्ग खदखदून हसला. माझ्या टेबलावर, हजेरीपटाच्या शेजारी, हा शेण आणून ठेवतो आणि वर तोंड करून सांगतो! मला वाटलं, पोरगं थट्टा करतंय. मी त्याच्याच हाताने तो गोटा खिडकीबाहेर फेकायला लावला आणि तास संपेपर्यंत त्याला दाराशी उभं केलं. त्या दिवशी मी कुठला धडा शिकवला ते आठवत नाही. पण गोटा ओल्या मातीत पडल्याचा आवाज आठवतो. डोळे गेल्यावर जुने आवाज जास्त ठळक होतात की काय, कोण जाणे.

तो खरोखर विष्ठाश्मच होता असं मी म्हणत नाही. साधा दगडही असेल. पण हे ठरवायची संधी मी ठेवली नाही. आणखी एक गोष्ट त्याच कार्यक्रमात ऐकली आणि मेल्याहून मेल्यासारखं झालं. १९८४ ते १९८६ च्या दरम्यान कोलकात्याच्या इंडियन स्टॅटिस्टिकल इन्स्टिट्यूटची मंडळी आमच्याच जिल्ह्यात डोंगरगावला एका प्रचंड डायनासोरचा सांगाडा खणून काढत होती. संस्थेच्या आद्याक्षरांवरून आज त्याला इसीसॉरस म्हणतात. म्हणजे एकीकडे शास्त्रज्ञ हजार किलोमीटरवरून येऊन आमची माती चाळत होते आणि दुसरीकडे त्या मातीतला दगड माझ्या टेबलावर आपणहून चालत आला होता.

मी विज्ञानाची शिक्षिका नव्हते, त्यामुळे मला माहीत नसणं हा गुन्हा नव्हे. माहीत नाही म्हणायला मला तेव्हा एक क्षण पुरला असता. "मला नाही बुवा माहीत, विज्ञानाच्या सरांना विचारू," एवढंच वाक्य. पण वर्गासमोर ते वाक्य पस्तीस वर्षांत माझ्या तोंडून किती वेळा निघालं, हे आठवायला गेले तर एका हाताची बोटं पुरतात. बाईंना सगळं येतं असं मुलांना वाटलं पाहिजे, अशी आमची शिकवण होती. चारशे पोरांच्या शाळेत त्या शिकवणीपायी आणखी काय काय खिडकीबाहेर गेलं असेल!

चार दिवस नीट झोप लागली नाही. मग एका जुन्या विद्यार्थिनीकडून त्याचा नंबर मिळवला. तो आता पन्नाशी ओलांडलेला. तेच वावर कसतो, कापूस आणि तूर. मी नाव सांगितलं तसा म्हणाला, "बाई! नमस्कार करतो. तब्येत कशी हाय?" इकडचं तिकडचं बोलून मी गोट्याची गोष्ट काढली, चुकले म्हणाले. तो जरा वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "बाई, दाराशी उभं केलं होतं ते आठवते. कायच्यासाठी, ते काही आठवत नाही."

यावर मी काय बोलणार? रागावला असता तर बरं झालं असतं. शिक्षा तेवढी त्याच्या लक्षात राहिली होती, दगड नाही. चाळीस वर्षांत त्याने तसला दगड पुन्हा कोणाला दाखवलाही नव्हता. "आम्ही ते उचलून धुऱ्यावर टाकून देतो," म्हणाला, "वखराचा फासा मोडते त्याच्यानं."

मी त्याला सगळं सांगितलं. मान लांब असलेला तो प्राणी, त्याचं गवत, शेणातले काचेचे कण, धानाचं कूळ. तो मधूनमधून "हो का?" म्हणत होता, ते माझा मान राखायला की खरंच ऐकत होता, मला कळेना. सांगता सांगता शिक्षकी बाणा जागा झाला आणि म्हणाले, पुढे कधी काही वेगळं दिसलं तर फोडू नको, विकू नको, जागेवर ठेव आणि जाणत्याला कळव.

तेवढ्यात त्याच्या हातातला फोन कोणीतरी ओढून घेतला. त्याची नात, तिसरीतली. फोनचा आवाज मोठा होता म्हणे, ती सगळं ऐकत होती. तिने नाव-गाव काही न विचारता थेट प्रश्न केला, "तो गवत खाय, तर मग गाईसारखा रवंथ करे का?"

मी म्हणाले, "माहीत नाही बाळा. ऐकते आणि तुला सांगते."

दोन दिवस ऐकून शोधलं. त्या लांब मानेच्या प्राण्यांना चावायच्या दाढाच नव्हत्या. दातांनी पाला ओरबाडायचा आणि तसाच गिळायचा, पुढचं काम पोटाचं. रवंथ नाही. रविवारी फोन करून तिला हे सांगितलं. तिचं समाधान झालं का ते कळलं नाही, कारण पुढचा प्रश्न तिच्याकडे तयारच होता. त्याचं उत्तरही मला आलं नाही. सध्या तेच ऐकते आहे.